वडापाव कुठून आला, कसा रुजला: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

वडापाव नेमका कोणी सुरू केला?

सगळ्यात जास्त घेतलं जाणारं नाव अशोक वैद्य यांचं. १९६६ साली दादर स्टेशनबाहेर त्यांची बटाटेवड्याची गाडी होती. शेजारी ऑम्लेट-पाव विकणारा बसायचा. त्याच्याकडचे पाव घेऊन वैद्यांनी वडा मधे घालून पाहिला, वर चटणी लावली, आणि गिऱ्हाईक तेच मागायला लागलं, अशी ही हकिकत सांगतात. दुसरं नाव सुधाकर म्हात्रे यांचं. तेही दादरचेच, आणि त्यांनीही त्याच सुमाराला वडापाव विकायला घेतला असं सांगितलं जातं. तिकडे कल्याणात वझे कुटुंब साठच्या दशकाच्या शेवटी घराच्या खिडकीतून वडे विकू लागलं. तोच पुढे 'खिडकी वडा' म्हणून नावाजला.

माझं मत विचाराल तर दोन तयार पदार्थ एकमेकांत घालण्याची कल्पना एकाच डोक्यात आली असेल असं नाही. भुकेल्या माणसाच्या एका हातात वडा आणि दुसऱ्या हातात पाव असेल तर तो ते एकत्र करणारच. पण रोज ठरल्या जागी, ठरल्या भावात, ताट-वाटीशिवाय उभ्या उभ्या खाता येईल असं जेवण विकायला उभं राहणं, हे काम कोणीतरी करावं लागलं. ते दादरच्या गाड्यांनी केलं. त्यामुळे वैद्यांचं नाव पुढे असण्यात काही चूक नाही, फक्त म्हात्र्यांचं मागे पडू नये एवढंच.

मग त्याआधी वडा आणि पाव एकत्र खातच नव्हते का?

दोघांचे संसार वेगळे होते. बटाटेवडा घरी सणावाराला, पाहुणे आल्यावर, नाहीतर पावसाळी संध्याकाळी व्हायचा, आणि हॉटेलात तो उसळीबरोबर किंवा सांबारात यायचा. म्हणजे बशी हवी, बाकडं हवं, पाण्याचा पेला हवा आणि बसायला दहा मिनिटं हवीत. पाव खिम्याबरोबर, ऑम्लेटबरोबर, मिसळीबरोबर खाल्ला जायचा. १९६६ च्या आसपास जे बदललं ते बशीचं. वडा पावात गेला आणि बशीची गरजच उरली नाही. सात-आठची लोकल पकडणाऱ्या माणसासाठी हा फरक फार मोठा होता.

वडा तरी आपलाच ना? तो किती जुना?

वडा खूप जुना. संस्कृतातला 'वटक' तो हाच. बाराव्या शतकात कल्याणीचा चालुक्य राजा सोमेश्वर तिसरा याच्या नावावर असलेल्या 'मानसोल्लास' ग्रंथात उडदाच्या डाळीच्या वड्यांचं वर्णन येतं. पण त्यात बटाटा असण्याचा प्रश्नच नव्हता, कारण बटाटा तेव्हा या खंडात पोचलाच नव्हता.

'पाव' हा शब्द कुठून आला? पायाने तुडवतात म्हणून पाव, हे खरं का?

नाही. हे इतक्यांदा आणि इतक्या ठामपणे सांगितलं जातं की एकदाचं सरळ लिहून टाकतो. शब्द पोर्तुगीज आहे. पोर्तुगीजमध्ये भाकरीला, रोटीला जो शब्द आहे त्याचा उच्चार साधारण 'पांव' असा नाकातला होतो. तोच मराठीत आणि कोंकणीत 'पाव' झाला. पायाशी त्याचा संबंध नाही, आणि चार तुकड्यांतला एक म्हणजे 'पाव' हिस्सा, या व्युत्पत्तीतही तथ्य नाही.

पोर्तुगीजांनी १५१० मध्ये गोवा घेतला. वसई त्यांच्याकडे १५३४ पासून चिमाजी अप्पांनी १७३९ मध्ये जिंकेपर्यंत होती. म्हणजे उत्तर कोकणाची किनारपट्टी दोनशे वर्षं पाव भाजणाऱ्यांच्या शेजारी राहत होती. गहू दळून, फुगवून, भट्टीत भाजायची ही रीत त्यांनी आणली. पण फुगवायला त्यांच्या देशातलं खमीर इथे कुठून मिळणार? गोव्यात त्यावर तोड निघाली ती माडाची. माडाची सूर आंबवून तिने पीठ फुगवू लागले. गोव्यात पाव भाजणाऱ्याला आजही 'पोदेर' म्हणतात, तोही पोर्तुगीज शब्दावरूनच आलेला. मुंबईत पुढे गोवेकर ख्रिस्ती बेकरीवाले आले, इराणी आले, मुसलमान कारागीर आले, आणि या सगळ्यांच्या भट्ट्यांमधून तो लुसलुशीत लादी पाव घडला.

पाव खाल्ला की माणूस बाटतो, असं खरंच मानायचे?

हो, आणि ही गोष्ट वडापावाच्या इतिहासात हमखास गाळली जाते.

वसई पट्ट्यात पिढ्यान्‌पिढ्या सांगत आलेली एक कथा आहे. रात्री गावच्या विहिरीत पावाचे तुकडे टाकायचे. सकाळी गाव पाणी भरणार, पिणार. मग कळणार की पाण्यात पाव होता. झालं, सगळं गाव बाटलं. गावकऱ्यांनी काहीही केलेलं नसताना त्यांचे सोयरे त्यांना जातीबाहेर समजणार. हे प्रत्येक वेळी असंच्या असं घडलं असेल की नाही, यापेक्षा मला त्यातली दुसरी बाजू जास्त बोचते. ही कथा खरी वाटायची, कारण समाजच इतका कडक होता की पाण्यातल्या पावाच्या तुकड्याने माणसं तोडायला तो तयार होता.

ती भीती फार उशिरापर्यंत टिकली. माझ्या आजीच्या स्वयंपाकघरात पाव आलेला तिने चालवून घेतला नाही. ताप आलेल्या नातवाला तो मिळायचा, तोही ओटीवर बसवून, चहात बुडवून, आणि नंतर कप वेगळा विसळून ठेवला जायचा. तिला पावाचा राग नव्हता. तो कोणी मळला, कोणाच्या हातचा, कशाने फुगवला हे ठाऊक नाही, हीच तिची अडचण होती. आता त्याच घरात रविवारी सकाळी लादी येते. साठ-सत्तर वर्षांत हे घडलं, आणि त्यात स्टेशनबाहेरच्या गाडीचा वाटा मोठा आहे. गर्दीच्या वेळी फलाटावर कोण कोणाला विचारतो की पाव कोणी भाजला?

बटाटा कधी आला? तोही परका म्हणतात.

बटाटा मूळचा दक्षिण अमेरिकेतल्या अँडीज पर्वतरांगांचा, आजच्या पेरू-बोलिव्हियाकडचा. 'बटाटा' हा आपला शब्दही पोर्तुगीजांकडून आलेला. उत्तरेत त्याला 'आलू' म्हणतात आणि आपण 'बटाटा' म्हणतो, त्याचं कारण हे. लागवड वाढवली ती मात्र इंग्रजांच्या काळाने. आज पुणे जिल्ह्यातलं आंबेगाव तालुक्यातलं सातगाव पठार बटाट्यासाठी ओळखलं जातं.

मिरचीही अमेरिकेची. चटणीत शेंगदाणे घालत असाल तर तेही तिकडचेच.

इथे मला नेहमी एक गोष्ट लक्षात येते. बटाटा, मिरची आणि शेंगदाणे हे तिन्ही परदेशी, तिन्ही साधारण त्याच जहाजांच्या वाटेने आले, आणि तिन्ही आज आपल्या उपासाला चालतात. एकादशीच्या ताटात बटाट्याची भाजी दाण्याचं कूट आणि हिरवी मिरची घालून येते, आणि कोणाला काही वाटत नाही. पाव मात्र त्याच वाटेने येऊन बाटवणारा ठरला. फरक काय? बटाटा कच्चा येतो आणि तो आपल्या चुलीवर, आपल्या हाताने शिजतो. पाव दुसऱ्याच्या हातचा, शिजून येतो. सोवळं-ओवळं पदार्थापेक्षा हाताला चिकटलेलं असतं. वडापावात उपासाच्या ताटातला बटाटा आणि बाटवणारा पाव एकमेकांना भेटले, म्हणून मला हा पदार्थ इतका महत्त्वाचा वाटतो.

मग वडापाव मराठी कसा?

जिन्नस पाहिले तर बेसन, हळद, मोहरी, हिंग, कढीपत्ता आणि कोथिंबीर ही आपल्या फोडणीची जुनी मंडळी आहेत. पण पदार्थ मराठी ठरतो तो जिनसांवरून नाही. सुक्या खोबऱ्या-लसणाची चटणी कोकणातल्या घरात डब्यात भरलेली असायची. बटाट्याच्या सुक्या भाजीला हिंग-मोहरीची फोडणी द्यायची आणि तिचा गोळा करायचा, ही घरची सवय. भज्याचं पीठ कितपत सैल असावं हे हाताला माहीत. ज्यांनी गाड्या टाकल्या त्यांनी घरचं स्वयंपाकघर रस्त्यावर आणलं, आणि बेकरीतून फक्त पाव घेतला.

दादरच का?

कारण दादरला मध्य आणि पश्चिम या दोन्ही मार्गांची माणसं गाडी बदलतात. बोरीबंदर ते ठाणे ही पहिली आगगाडी १६ एप्रिल १८५३ ला धावली. त्यानंतरच्या शंभर वर्षांत मुंबई रुळांच्या कडेने लांबत गेली, आणि घर एका टोकाला, काम दुसऱ्या टोकाला असं आयुष्य लाखोंच्या वाट्याला आलं. सकाळी निघताना डबा झालेला नसतो, रात्री परतताना पोटात कावळे ओरडतात, आणि मधे उतरायचं असतं ते दादरला.

शिवाय दादरच्या दक्षिणेला लागूनच गिरणगाव. परळ, लालबाग, वरळी, भायखळा. तिथे तीन पाळ्यांत काम चालायचं. मध्यरात्री सुटणाऱ्या पाळीला गरम, स्वस्त आणि पोटभरीचं काय मिळणार? बेसन आणि बटाटा पोटात बराच वेळ राहतात. हे कामगाराला कोणी आहारशास्त्र शिकवून सांगितलं नव्हतं.

गिरणी संपाचा आणि वडापावाचा संबंध काय?

१८ जानेवारी १९८२ ला डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली मुंबईतल्या गिरण्यांचा संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार त्यात होते. तो संप रीतसर कधी मागे घेतलाच गेला नाही. अनेक गिरण्या पुन्हा धड सुरू झाल्या नाहीत, आणि कामगारांच्या घरात पगार येणं थांबलं.

काही जण गावी गेले. काहींनी भाजी विकली, काहींनी हमाली केली, आणि कित्येकांनी वडापावाची गाडी टाकली. कारण भांडवल थोडं लागतं. एक कढई, एक झारा, रॉकेलचा स्टोव्ह, बटाट्याचं पोतं, तेलाचा डबा. पाव बेकरीवाला सकाळी उधारीवर देतो आणि संध्याकाळी पैसे नेतो. ज्याने पंधरा-वीस वर्षं साचा, म्हणजे गिरणीतला माग, चालवला त्याच्या हातात झारा आला.

वडापावाला 'गरिबाचं खाणं' म्हणतात तेव्हा बहुतेकांच्या डोळ्यांसमोर खाणारा असतो. मला तळणाराही दिसतो. दिवसाचे बारा तास उकळत्या तेलापुढे उभं राहायचं, हातावर तेलाचे डाग, आणि मनगटाला भोंग्याच्या वेळेची जुनी सवय.

या सगळ्यात बायका कुठे होत्या?

गाडीच्या मागे, घरात. पहाटे चारला कुकर लावणं, गरम बटाटे बोटं भाजत सोलणं, लसूण सोलणं, चटणी कुटणं, सारणाचे गोळे करून परातीत रचणं, हे सगळं झाल्यावर परात गाडीवर जाते. गल्ल्यावर पुरुष बसतो म्हणून धंदा पुरुषाचा वाटतो. गिरणगावात खानावळी चालवणाऱ्या बायकांची परंपरा त्याआधीपासूनची. एका खोलीत पंधरा-वीस कामगारांना त्या जेवू घालायच्या. १९७५ मध्ये प्रेमा पुरव यांनी अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं ते याच बायकांना संघटित करायला आणि सावकारापासून सोडवायला. वडापावाचा इतिहास लिहिताना खानावळवालीचं पान त्याला जोडावंच लागेल, कारण संपानंतर घर जे तगलं ते बहुतेक ठिकाणी तिच्या चुलीवर.

शिवसेनेने वडापाव मोठा केला, हे खरं का?

बऱ्याच अंशी. शिवसेनेची स्थापना १९ जून १९६६ ची, म्हणजे वैद्यांच्या गाडीच्याच वर्षाची. त्या काळात सेनेचा रोख दाक्षिणात्यांवर आणि त्यांच्या उडुपी हॉटेलांवर होता. मराठी मुलाने नोकरीची वाट न पाहता धंदा करावा, गाडी टाकावी, असा आग्रह होता, आणि स्थानिक शाखेचा आधार असला की गाडी हलवली जात नसे. इडली-डोशाला मराठी उत्तर म्हणून वडापाव उभा केला गेला. पुढे २००९ मध्ये पक्षाने 'शिव वडापाव' नावाच्या गाड्याही काढल्या.

यातून अनेक घरांची चूल पेटली हे मी मान्य करतो. पण एखादा पदार्थ दुसऱ्याच्या इडलीविरुद्ध उगारला जावा, हे मला पटलेलं नाही. ज्याचं शब्दासकट अर्धं अंग समुद्रापलीकडून आलं, त्याच्या नावाने कोणाला परका ठरवायचं? आज मुंबईत कितीतरी गाड्यांवर उत्तर प्रदेशातला मुलगा वडे तळतो, आणि सुकी चटणी तो मालवणी बाईच्या हातासारखी लावतो.

'वडापाव' की 'पाववडा'?

दोन्ही ऐकू येतात. मुंबईत वडापाव. नाशकाकडे 'पाववडा' म्हटलं की बहुतेकदा सारण भरलेला पाव बेसनात बुडवून तळलेला असतो. त्याला 'उलटा वडापाव' असंही म्हणतात. पुण्यात त्याच्या जवळचा पदार्थ 'पॅटिस' या नावाने मिळतो.

गावोगावी फरक काय काय?

मुंबईतच किती! दादरला कीर्ती कॉलेजजवळच्या गाडीवर वड्याबरोबर 'चुरा' घालतात. पीठ कढईत पडून जे कुरकुरीत थेंब तळले जातात ते झाऱ्याने गोळा करून चटणीत मिसळायचे. एके काळी तो उरलेला कचरा होता, आता लोक मुद्दाम 'चुरा मार के' मागतात. विलेपार्ल्याला मिठीबाई कॉलेजसमोर पाव लोण्यात परतून देतात. ठाण्यात कुंजविहारचा वडा तळहाताएवढा, आणि गजाननच्या वडापावाबरोबर बेसनाची पिवळी चटणी, जी बाहेर कुठे सहसा दिसत नाही.

कर्जतचा वडा मात्र रेल्वेचा मुलगा आहे. मुंबईहून पुण्याला जाणाऱ्या गाड्यांना बोरघाट चढायला मागून जादा इंजिन लागतं, ते कर्जतला जोडतात. तेवढ्यात गाडी थांबते, आणि फलाटावरून दिवाडकरांचे वडे खिडकीपाशी येतात. लहानपणी मला वाटायचं की गाडी वड्यासाठीच थांबते. गजांमधून हात बाहेर काढायचा, सुटे पैसे आधीच मुठीत धरायचे, पुडा हातात आला की तो इतका गरम असायचा की या हातातून त्या हातात करावा लागायचा, आणि तेवढ्यात मागून इंजिनाचा धक्का बसायचा. घाट सुरू व्हायच्या आत पुडा संपलेला असे. खोपोलीला घाटरस्त्याने जाणारे रमाकांतकडे थांबतात. घाट आणि वडा यांची जोडी अशी जमलेली आहे.

कोल्हापूरकडे पावापेक्षा 'कट वडा'. वडा तर्रीत बुडतो, वर फरसाण-कांदा, पाव शेजारी.

चटण्या किती आणि खरी कोणती?

तीन असतात: हिरवी मिरची-कोथिंबिरीची, चिंच-गुळाची आणि सुकी लाल. पहिल्या दोन चाटवाल्यांच्या गाडीवरून आल्या असाव्यात असं वाटतं. माझ्यापुरता प्रश्न सुकीनेच सुटतो. सुकं खोबरं मंद आचेवर तांबूस भाजायचं, लसूण सालासकट थोडी परतायची, लाल सुक्या मिरच्या किंवा तिखट, मीठ, हवे तर दाणे, आणि जाडसर कुटायचं. मिक्सरमध्ये फार फिरवली की खोबऱ्याचं तेल सुटतं आणि चटणीचा गोळा होतो. ती भुरभुरली पाहिजे. पावाच्या पांढऱ्या अंगात ती रुतते आणि वड्याच्या वाफेने जागी होते.

आणि तळलेली मिरची. उभी चीर देऊन, तेलात घालून, वर मीठ. ती विकत मागायची नसते, ती द्यायचीच असते.

गाडीवाला पाव तव्यावर का भाजत नाही? लादीच का?

लादी पाव एकमेकांना चिकटून भाजले जातात. त्यामुळे वरचा भाग तेवढा तांबूस होतो, बाजू पांढऱ्या आणि मऊ राहतात. तिथे कवच येतच नाही. हा पाव दाबला की दबतो आणि वड्याला धरून ठेवतो. ब्रुन किंवा कडक पावात वडा घातलात तर पहिल्याच घासाला पाव मोडत नाही आणि वडा मागून बाहेर येतो. ब्रुन चहात बुडवायला उत्तम, इथे उपयोगाचा नाही. पावभाजीत पाव लोण्यात भाजतात कारण तिथे तो भाजी उचलतो. वडापावात त्याला वाफ शोषायची असते.

'भारतीय बर्गर' म्हणावं का?

मी म्हणत नाही. ओळख करून द्यायला परदेशात सोपं जातं हे समजू शकतो. पण बर्गरमध्ये मांसाचा तुकडा मुख्य आणि पाव त्याचं वेष्टन. इथे पिठात पीठ, बेसनाच्या आवरणात बटाटा आणि तो मैद्यात. पोटभर होणं हाच त्याचा हेतू आहे. तुलनाच करायची तर कच्छमधल्या मांडवीच्या दाबेलीशी करा, तीही पाव-बटाट्याचीच बहीण.

मोठ्या दुकानांच्या साखळ्यांमुळे गाड्या संपतील का?

मुंबईत २००१ मध्ये जम्बोकिंग आलं, २००४ मध्ये कल्याणहून गोली वडापाव. एकसारखा वडा, ठरलेलं वजन, स्वच्छ काउंटर. लंडनमधल्या हाउन्स्लोत २०१० पासून श्रीकृष्ण वडापाव चालू आहे, मुंबईच्या दोन मित्रांनी मंदीत नोकरी गेल्यावर सुरू केलेला. आणि २३ ऑगस्टला समाजमाध्यमांवर 'जागतिक वडापाव दिन' असतो.

गाड्या यामुळे संपतील असं वाटत नाही. गाडीला धोका आहे तो जागेचा. स्टेशनबाहेरचा रस्ता मोकळा करायचा म्हटलं की पहिला घाव तिच्यावर. २०१४ च्या पथविक्रेता कायद्याने फेरीवाल्यांचं सर्वेक्षण, प्रमाणपत्र, फेरीवाला समिती असं बरंच काही लिहून ठेवलं आहे. ते नीट अमलात आणलं तर पादचाऱ्याला वाट मिळेल आणि तळणाऱ्याला जागा. हे दोन्ही एकदम होऊ शकतं.

वर्तमानपत्रात बांधलेला वडापाव खाऊ नये म्हणतात, ते खरं?

खरं आहे. छपाईच्या शाईत आरोग्याला घातक रसायनं असतात आणि गरम, तेलकट वडा ती ओढून घेतो. अन्न सुरक्षा प्राधिकरणाच्या २०१८ च्या वेष्टनविषयक नियमांनी वर्तमानपत्रात खाद्यपदार्थ बांधायला मनाई केली आहे. पानावरची बातमी वाचत वडापाव खाण्याची आठवण कितीही गोड असली तरी कोरा कागद मागा. गाडीवाले देतात, अनेकांनी बदललंही आहे. तेल काळं आणि फेसाळ दिसत असेल, धुराचा वास घशाला लागत असेल, तर पुढच्या गाडीवर जा.

पावाच्या जुन्या भट्ट्या बंद होणार का?

लाकडावर आणि कोळशावर चालणाऱ्या बेकऱ्यांनी स्वच्छ इंधनाकडे वळावं, असा आदेश मुंबई उच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये दिला आणि त्यासाठी सहा महिन्यांची मुदत घालून दिली. शहराची हवा पाहता धूर कमी होणं गरजेचं आहे, यात शंका नाही. बेकरीवाल्यांची अडचणही खोटी नाही. जुनी विटांची भट्टी मोडायची, गॅसची किंवा विजेची आणायची, त्याला पैसा आणि जागा लागते, आणि लादीचा भाव मात्र रुपया वाढला तरी गाडीवाला कुरकुरतो, कारण त्याचं गिऱ्हाईक कुरकुरतं. साध्या गाडीवरचा वडापाव आजही पंधरा-वीस रुपयांत मिळतो, त्याचं मोठं श्रेय पहाटे दोनला पीठ मळणाऱ्या या कारागिरांकडे जातं. भट्टी बदलायला पालिकेने आणि सरकारने त्यांना हात द्यावा, असं मला मनापासून वाटतं.

घरी केलेला गाडीसारखा का होत नाही?

चार-पाच कारणं आहेत, आणि सगळी सुधारता येतात.

बटाटा जुना घ्या. नव्या बटाट्यात पाणी जास्त, त्याचं सारण चिकट होतं. उकडल्यावर पूर्ण निववा आणि मग हातानेच फोडा, थोड्या फोडी राहू द्या. आलं-लसूण-मिरची वाटून नाही, ठेचून. फोडणीत मोहरी, हिंग, कढीपत्ता, हळद. सारण गरम असताना वडे तळायला घेऊ नका. आतली वाफ बाहेर यायला पाहते आणि वडा कढईत फुटतो.

पीठ बोटाला चिकटून सावकाश सुटेल इतपत दाट, त्यात चमचाभर कडकडीत तेलाचं मोहन आणि चिमूटभर सोडा. सोडा जास्त पडला तर वडा तेल पितो.

सगळ्यात मोठी चूक कढईची. घरची कढई लहान, त्यात एकदम सहा वडे सोडले की तेल थंडावतं आणि वडे मऊ, तेलकट निघतात. दोन-दोनच सोडा. पहिला घाणा बिघडला तर हरकत नाही, गाडीवाल्याचाही पहिला घाणा तेलाचा अंदाज घ्यायलाच असतो.

पाव त्याच दिवसाचा आणा. बाजूने चिरा, शेवटपर्यंत कापू नका, पाठ जोडलेली राहू द्या. चटणी दोन्ही अंगांना. वडा कढईतून निघाल्यावर मिनिटभराच्या आत पावात गेला पाहिजे. मग तळव्याने वरून एकदा दाबा, आतलं कवच तडकल्याचा बारीक आवाज येईल, आणि तसाच हातात द्या.